यंदा रमजान लवकर आला का?

रमजान जवळ आला की बाजारात, कचेरीत, शाळेच्या स्टाफरूममध्ये एक प्रश्न हमखास ऐकू येतो. ‘यंदा रमजान लवकर आला, नाही का?’ विचारणारा सहज विचारतो. उत्तर देणाराही ‘हो, दरवर्षी दहा-बारा दिवस अलीकडे येतो’ एवढे सांगून मोकळा होतो. नेमके दहा की बारा, आणि अलीकडे म्हणजे कशाच्या अलीकडे, इथपर्यंत गप्पा सहसा जात नाहीत.

हा हिशेब मात्र नुसत्या कुतूहलाचा नाही. जकात कोणत्या दिवशी देय होते, नवऱ्यामागे राहिलेल्या बाईची इद्दत कधी पुरी होते, जन्माचा दाखला नसलेल्या आजीचे खरे वय किती, अशा प्रश्नांची उत्तरे एकाच गोष्टीवर अवलंबून असतात. एखादी तारीख वर्षात नेमकी कुठे बसते, आणि ते वर्ष कोणते, हे मोजता आले पाहिजे.

वर्षातला कितवा दिवस?

इंग्रजी तारखेचे वर्षातले स्थान काढणे सोपे आहे. सरलेल्या महिन्यांचे दिवस मिळवायचे आणि त्यात चालू महिन्याची तारीख घालायची. कोणत्या महिन्याचे ३१ आणि कोणत्या महिन्याचे ३०, हे मुठीच्या उंचवट्यांवर मोजायला घरोघरी शिकवले जाते. २०२५ मध्ये भारतात पहिला रोजा २ मार्चला झाला. जानेवारीचे ३१, फेब्रुवारीचे २८ आणि मार्चचे २ मिळून ६१. म्हणजे २०२५ सालच्या ६१व्या दिवशी रमजान सुरू झाला. लीप वर्ष असेल तर फेब्रुवारीनंतरच्या प्रत्येक तारखेत एक वाढवायचा, एवढेच पथ्य.

मागच्या काही वर्षांचे पहिले रोजे असे मोजून पाहिले की चित्र स्पष्ट होते.

२०१९ : ७ मे, १२७वा दिवस
२०२० : २५ एप्रिल, ११६वा दिवस
२०२१ : १४ एप्रिल, १०४वा दिवस
२०२२ : ३ एप्रिल, ९३वा दिवस
२०२३ : २४ मार्च, ८३वा दिवस
२०२४ : १२ मार्च, ७२वा दिवस
२०२५ : २ मार्च, ६१वा दिवस

दरवर्षीचा फरक अनुक्रमे ११, १२, ११, १०, ११ आणि ११ दिवसांचा. म्हणजे ‘दहा-बारा दिवस’ असे मोघम सांगणारा चुकत नाही. पण एका पहिल्या रोज्यापासून पुढच्या पहिल्या रोज्यापर्यंतचे दिवस मोजले तर दर वेळी ३५४ किंवा ३५५ येतात. रमजान आपल्या वर्षात अजिबात लवकर येत नाही. तो दर बारा चांदांनी, ठरल्या वेळी येतो. लवकर आल्यासारखा वाटतो तो ३६५ दिवसांच्या वर्षावर मोजल्यामुळे.

बारा चांद, ३५४ दिवस

एका अमावास्येपासून दुसऱ्या अमावास्येपर्यंत सरासरी साडेएकोणतीस दिवसांहून थोडा जास्त काळ जातो. असे बारा महिने म्हणजे ३५४ दिवस आणि काही तास. ऋतूंचे वर्ष ३६५ दिवसांचे. दोघांत सुमारे पावणेअकरा दिवसांचे अंतर पडते.

हिजरी तारखेचे वर्षातले स्थान काढण्याची रीतही यातूनच निघते. हिशेबाच्या तक्त्यात महिने आलटून पालटून ३० आणि २९ दिवसांचे धरतात. मोहरम ३०, सफर २९, रबीउल अव्वल ३० असे पुढे. सरलेल्या महिन्यांच्या संख्येला साडेएकोणतीसने गुणायचे, अर्धा उरला तर पूर्ण धरायचा आणि चालू तारीख मिळवायची. रमजान नववा महिना, म्हणजे आधीचे आठ सरलेले. आठ गुणिले साडेएकोणतीस म्हणजे २३६. म्हणून पहिला रोजा हा हिजरी वर्षाचा २३७वा दिवस. याच रीतीने ईद-ए-मिलाद ७१व्या दिवशी, रमजान ईद २६७व्या दिवशी आणि बकरी ईद ३३५व्या दिवशी येते. उरलेले तास भरून काढण्यासाठी या तक्त्यात दर ३० वर्षांत ११ वेळा शेवटच्या जिल्हज महिन्याला एक दिवस जास्त देतात.

हा झाला कागदावरचा हिशेब. प्रत्यक्षात महिना ठरतो तो २९ तारखेच्या संध्याकाळी आकाशाकडे पाहून. चांद दिसला तर दुसऱ्या दिवशी नवा महिना, नाही दिसला तर चालू महिन्याचे तीस पुरे. म्हणून भिंतीवरच्या दिनदर्शिकेतली तारीख आणि मशिदीतून जाहीर होणारी तारीख यांत कधी कधी एका दिवसाचा फरक पडतो.

आणखी एक दिवस चुकतो तो वेगळ्या कारणाने. हिजरी दिवस सूर्यास्ताला सुरू होतो, मध्यरात्रीला नाही. आधी रात्र, मग दिवस. ‘जुमेरात’ हा शब्दच पाहा. अर्थ ‘जुम्म्याची रात’, पण वार गुरुवार. २०२५ मध्ये सत्ताविसावा रोजा शुक्रवारी, २८ मार्चला होता. सत्ताविसावी रात्र मात्र गुरुवारी, २७ मार्चच्या सूर्यास्तानंतर सुरू झाली. रात्री आठला जन्मलेल्या मुलाची हिजरी तारीख लिहिताना हीच चूक सर्रास होते.

तारखेला साल हवे, ही गरजही फार जुनी. दुसरे खलिफा हजरत उमर यांच्यापुढे एक दस्त आला, त्यावर मुदत फक्त ‘शाबान’ अशी होती. कोणता शाबान, सरलेला की येणारा, असा प्रश्न त्यांनी केला आणि सल्लामसलतीनंतर प्रेषितांच्या मदिनेला झालेल्या हिजरतीपासून वर्षे मोजायचे ठरले, अशी हकीकत सांगितली जाते. महिना आणि दिवस माहीत असून वर्ष माहीत नसेल तर देणेकरी आणि घेणेकरी दोघेही अडतात, एवढी साधी व्यवहाराची अडचण त्यामागे होती.

अधिक महिना आला की रमजान सरकतो

मराठी पंचांगातले महिनेही चांद्रच आहेत. महाराष्ट्रात महिना अमावास्येनंतर सुरू होतो, त्यामुळे हिजरी महिन्याची पहिली तारीख आणि मराठी महिन्याची शुद्ध द्वितीया-तृतीया जवळपास बरोबरच येतात. रमजानच्या मध्याला आकाशात जो चंद्र असतो, तोच पंचांगातल्या पौर्णिमेचा. मग एकाच चंद्रावर चालणारे गणेशोत्सव आणि दिवाळी आपापल्या ऋतूत राहतात आणि रमजान फिरतो, हे कसे?

उत्तर अधिक महिन्यात आहे. पंचांग दरवर्षी मागे पडणारे अकरा दिवस साठवते आणि साधारण ३२-३३ महिन्यांनी एक अधिक महिना घालून ऋतूंशी जुळवून घेते. शेती, पेरणी आणि सण यांची सांगड त्यामुळे टिकते. इस्लामपूर्व अरबस्तानातही महिने पुढेमागे करण्याची ‘नसी’ नावाची चाल होती. कुरआनने ती बंद केली आणि वर्षाचे महिने बाराच राहिले. रमजान या शब्दाच्या मुळाशी होरपळवणाऱ्या उन्हाचा अर्थ आहे. नाव उन्हाचे, पण महिना सगळ्या ऋतूंचा, असे त्यामुळे झाले.

या दोन पद्धती शेजारी ठेवल्या की एक सुरेख नियम दिसतो. रमजान दोन-तीन वर्षे एकाच मराठी महिन्याबरोबर चालतो आणि अधिक महिना आला की पुढच्या वेळी एक महिना अलीकडे येतो. २०१९ आणि २०२० मध्ये तो वैशाखाबरोबर होता. २०१९ साली तर अक्षय्य तृतीया आणि पहिला रोजा एकाच दिवशी, ७ मेला आले. २०२० मध्ये अधिक आश्विन पडला आणि २०२१ पासून तीन वर्षे रमजान चैत्रात आला. २०२१ आणि २०२२ मध्ये गुढी उतरली त्याच्या दुसऱ्या दिवशी पहिला रोजा होता. २०२३ मध्ये अधिक श्रावण पडला, त्यानंतर २०२४ पासून फाल्गुन. म्हणून २०२५ मध्ये होळी रमजानात आली. त्या वर्षी ३० मार्चला गुढीपाडवा होता आणि त्याच दिवशी एकोणतिसावा रोजा. संध्याकाळी चांद दिसला तर दुसऱ्या दिवशी ईद, असा हिशेब होता.

२०२६ मध्येही रमजान फाल्गुनातच. मग २०२६ मधल्या अधिक ज्येष्ठानंतर २०२७ चा रमजान माघात येतो. ज्याला अधिक महिना कळतो त्याला रमजानची चाल समजायला दुसरे काही शिकावे लागत नाही.

अशा चालीने रमजान साधारण साडेबत्तीस वर्षांत सगळे ऋतू फिरून येतो. आपल्याकडे डिसेंबरातला रोजा सहेरीपासून इफ्तारपर्यंत सव्वाबारा तासांच्या आसपास भरतो, जूनमधला साडेचौदा तासांच्या. पंधराव्या वर्षी रोजे धरू लागलेला माणूस अठ्ठेचाळिशीपर्यंत थंडी, ऊन आणि पाऊस अशा तिन्ही ऋतूंतले रोजे धरून झालेला असतो. कोणत्याही मुलखाच्या वाट्याला कायम लांब दिवस किंवा कायम आखूड दिवस येत नाहीत. कधी एका इंग्रजी वर्षात दोनदाही योग येतो. २००० साली जानेवारीत एक रमजान ईद झाली आणि डिसेंबरात दुसरी. २०३० मध्ये जानेवारीत एक रमजान सुरू होईल आणि डिसेंबरच्या अखेरीस दुसरा.

मोडी पत्रांतला रमजान

हे दुहेरी गणित महाराष्ट्राला नवे नाही. मराठेशाहीतली मोडी पत्रे उघडली तर तारखेच्या जागी ‘छ’ हे अक्षर, त्यापुढे चांद्र तारीख आणि मग रमजान, सवाल, जिल्काद असा हिजरी महिना दिसतो. ‘छ’ म्हणजे चंद्र, असा त्याचा अर्थ लावला जातो. पेशव्यांच्या दफ्तरातले ब्राह्मण कारकूनही आपली पत्रे अशीच रमजानच्या तारखांनी लिहीत.

या पत्रांतले साल मात्र शुद्ध हिजरी नसे. ते बहुधा शुहूर सन असे. महिने चंद्राचे, पण वर्ष सूर्याचे, मृग नक्षत्रापासून सुरू होणारे. शेतसारा पिकावर अवलंबून आणि पीक पावसावर, तेव्हा वसुलीचे वर्ष ऋतूला धरून ठेवणे भागच होते. सालाचे आकडे अरबी शब्दांत लिहीत. शिवराज्याभिषेकाचे १६७४ हे साल शुहूर सनात १०७५, म्हणजे ‘खमस सबैन अलफ’. शुहूर सनात ५९९ मिळवले की इसवी सन येतो. तारीख जानेवारी ते मृगाच्या दरम्यानची असेल तर ६०० मिळवायचे.

इथेही एक फसगत आहे. सूर्याचे वर्ष चांद्र वर्षापेक्षा अकरा दिवसांनी मोठे असल्यामुळे एका शुहूर सनात अकरा हिजरी तारखा दोनदा येतात, एकदा वर्षाच्या सुरुवातीला आणि एकदा शेवटाला. एखादे पत्र अशा तारखेचे निघाले तर ते मृगातले की पुढच्या वैशाख-ज्येष्ठातले, हे मजकूर वाचूनच ठरवावे लागते. मोहीम पावसाळ्याआधीची की नंतरची, हे अशा एका तारखेवर फिरते. त्यासाठीच अभ्यासकांना जंत्री लागते. कोल्हापूरचे बाळाजी प्रभाकर मोडक यांनी एकोणिसाव्या शतकात शक, हिजरी, शुहूर, फसली आणि इसवी तारखा शेजारी मांडणारी अशी जंत्री तयार केली.

गरिबाच्या हक्काचे अकरा दिवस

आज मोहिमा नाहीत, पण जकात आहे. निसाब म्हणजे ठरलेल्या किमान मर्यादेइतकी संपत्ती हाती आल्यापासून एक वर्ष झाले की तिच्यावर शेकडा अडीच जकात देय होते. हे वर्ष चंद्राचे, ३५४ दिवसांचे. पण व्यापाऱ्याचा जमाखर्च १ एप्रिल ते ३१ मार्च. अनेक जण सोयीसाठी जकातीचा हिशेबही ३१ मार्चलाच काढतात आणि दर वेळी अकरा दिवस नकळत हातचे सुटतात.

अकरा दिवस थोडे वाटतात. पण ३३ इंग्रजी वर्षांत ३४ हिजरी वर्षे बसतात. ३१ मार्च धरून चालणारा माणूस ३३ वर्षांत ३३ जकाती देतो. एक पूर्ण वर्षाची जकात राहून जाते, आणि ती त्याची नसते, घेणाऱ्याची असते. म्हणून ज्याला इंग्रजी वर्षानेच हिशेब ठेवावा लागतो त्याने अडीचऐवजी २.५७७ टक्के दर धरावा, अशी तोड जकातीचे जाणकार काढतात. १० लाखांवर २५,००० ऐवजी सुमारे २५,७७० रुपये. फरक ७७० रुपयांचा. एखाद्या घरी ईदच्या शीरखुर्म्याची शेवई, दूध आणि खोबरे त्यात येते.

सोपा मार्ग मात्र जुनाच आहे. आपल्या संपत्तीचे वर्ष ज्या हिजरी तारखेला पुरे होते ती एकदा लिहून ठेवावी आणि दरवर्षी त्याच तारखेला हिशेब करावा. ती तारीख आठवत नसेल तर अंदाजाने एक ठरवून घ्यावी. बहुतेक जण रमजानातली एखादी तारीख धरतात, ती लक्षात राहते म्हणून.

इद्दतीचेही तसेच. पतीच्या निधनानंतरची इद्दत चार महिने दहा दिवसांची. ती चांदाच्या पहिल्या तारखेपासून सुरू झाली तर महिने चांदाप्रमाणे मोजतात. महिन्याच्या मध्यात सुरू झाली तर हनफी रिवाजाप्रमाणे १३० दिवस. इंग्रजी महिन्यांनी मोजले तर हा काळ बहुधा दोन-तीन दिवसांनी वाढतो. आधीच दुःखात असलेल्या बाईला, विशेषतः जिला नोकरीवर परतायचे आहे तिला, हे दोन-तीन दिवस मोठे असतात. वयाचेही असेच. शरीअतीत प्रौढत्वाची एक खूण पंधरा वर्षांची, पण ती वर्षे चांद्र. इंग्रजी हिशेबाने साडेचौदा वर्षे आणि आणखी काही दिवस.

आजीची जन्मतारीख

घरोघरी अशा आजी आहेत ज्यांचा जन्मदाखला नाही. शाळेत गेलेल्या त्या पिढीतल्या कित्येकांची जन्मतारीख गुरुजींनी १ जून लिहिली. ज्या शाळेतच गेल्या नाहीत त्यांच्या आधार कार्डावर १ जानेवारी आली. पण आठवण शाबूत असते. तारीख नसते, खुणा असतात.

समजा, खानदेशातल्या एखाद्या आजी सांगतात की आपला जन्म पहिल्या रोज्याचा, आखाजीच्या सणातला, आणि गावात त्या दिवशी बुधवारचा बाजार होता असे आई सांगायची. तीन खुणा मिळाल्या. पहिला रोजा आणि आखाजी जवळ येतात ते फक्त रमजान वैशाखात असताना. असे १९५३ ते १९५५ या तीन वर्षांत झाले, त्यानंतर थेट १९८६ ते १९८८ मध्ये आणि मग २०१९-२० मध्ये. सत्तरीच्या आजींसाठी पहिली तीनच वर्षे उरतात. त्या वर्षांतला पहिला रोजा १५ मे १९५३, ५ मे १९५४ आणि २४ एप्रिल १९५५ च्या आसपासचा. वार अनुक्रमे शुक्रवार, बुधवार आणि रविवार. चांद एक दिवस मागेपुढे धरला तरी बुधवार फक्त मधल्या वर्षात बसतो. म्हणजे आजींचा जन्म मे १९५४ चा.

यातली एकही खूण एकटी पुरेशी नाही. नुसता रमजान म्हटले तर कोणतेही वर्ष. नुसती आखाजी म्हटली तरी तेच. दोन पंचांगे एकमेकांवर ठेवली तेव्हा तीन वर्षे उरली आणि बाजाराच्या वाराने एक. असा हिशेब सरकारी पुरावा ठरत नाही, त्याला दाखला किंवा प्रतिज्ञापत्र लागतेच. पण प्रतिज्ञापत्रात लिहायची तारीख कुठून तरी यावी लागते. अंदाजाने टाकलेल्या १ जानेवारीपेक्षा आईच्या आठवणीतून निघालेली तारीख केव्हाही खरी. शिवाय ती एकदा काढून सगळ्या कागदांवर सारखी ठेवली तर निराधार योजनेपासून बँकेच्या पासबुकापर्यंतचे हेलपाटे वाचतात.

हे काम करायला इफ्तारनंतरची अर्धी घटका पुरते. घरातल्या मोठ्यांना विचारावे, तेव्हा रोजे थंडीत होते की आंब्याच्या दिवसांत, पेरणी झाली होती का, शेजारी कोणता सण चालू होता, वार कोणता. उत्तरे वहीत लिहावीत. शेजारच्या सणाची खूण बहुधा शेजारच्या घरातच नीट आठवत असते, तेव्हा तिथेही विचारावे. आणि या रमजानात घरात मूल जन्मले असेल तर त्याच्या दाखल्याच्या फायलीत इंग्रजी तारखेखाली हिजरी तारीख आणि मराठी तिथीही लिहून ठेवावी. सत्तर वर्षांनी त्याला हा हिशेब मांडत बसावे लागणार नाही.